बंद फ्रीजरची वीजचोरी

बारावी झालेली सून आमच्या सासरी मी पहिलीच. लग्नानंतर तिसऱ्या दिवशी सासूनं माझ्यापुढे पावशी, म्हणजे मासे कापायची विळी ठेवली, बाजूला एक जिवंत मरळ ठेवली आणि म्हणाली, "शिकली तं शिकली. मासा कापता येते का नाई ते दाखव." मला येत होतं. मीही ढिवराचीच लेक. माहेर वैनगंगेच्या काठी, सासर तलावाच्या पाळीवर, एवढाच फरक. सासूला मी माय म्हणते. तिनं शाळेचं तोंड पाहिलं नाही, पण मासा ताजा की काल धरलेला हे ती लांबून सांगते.

घरधनी तलावात जाळं टाकतात. मी आणि माय मासे विकतो. आधी टोपल्यात बर्फ घालून पवनीच्या बाजारात न्यायचो, उरले की पडेल भावात द्यायचो. मग बचत गटातून कर्ज काढून मी मोठा फ्रीजर घेतला आणि घराच्या समोरच्या खोलीत दुकान टाकलं. घराचं मीटर होतंच. दुकानासाठी मी वेगळं, धंद्याच्या दराचं मीटर लावून घेतलं. थोरले दीर तेव्हा हसले होते. "घरच्याच मीटरवर चालव ना. कोन पाहाले येते?" मी म्हटलं, "भाऊजी, मले झोप नाई येनार." मोहल्ल्यात दुकानाचं वेगळं मीटर असलेले आम्ही एकटेच.

दोन वर्षं चांगली गेली. मग एका होळीच्या सुमारास फ्रीजरचा कॉम्प्रेसर गेला. भंडाऱ्याहून मिस्त्री आला, बघून गेला, पार्ट येईल म्हणाला आणि चार महिने फिरकलाच नाही. त्या चार महिन्यांत आम्ही पुन्हा थर्माकोलचे डबे आणि विकतचा बर्फ यावर धंदा केला. दुकानात फक्त एक दिवा आणि एक पंखा. बिल साहजिकच उतरलं. पार्ट आला, फ्रीजर सुरू झाला आणि त्यानंतर आठच दिवसांनी वीज कंपनीचं पथक दारात उभं राहिलं.

सकाळचे दहा वाजले असतील. मी दुकानापुढे रोहू कापत बसले होते. गाडीतून चारजण उतरले. पुढच्या साहेबांच्या हातात छापील यादी होती. त्यांनी आमचा ग्राहक क्रमांक वाचला, आत डोकावून फ्रीजरकडे पाहिलं आणि विचारलं, "हा चालू आहे?"

"हो. आठ दिवस झाले."

"आणि बिल एवढंसं? चार महिने?"

"साहेब, तेव्हा बिघडला होता तो. मिस्त्रीची पावती आहे, दाखवते."

पावती आणायला मी उठले तर म्हणाले, "राहू द्या बाई, सगळ्यांकडे पावत्या असतात." तोवर दोघांनी मीटर खाली काढलं होतं. एका पांढऱ्या कापडी थैलीत ते घातलं, थैलीचं तोंड बांधलं, लाख लावली आणि एक कागद माझ्यापुढे धरला. "करा सही."

घरधनी तेवढ्यात तलावावरून आले. पाहून घाबरलेच. "नको करू सही. काहीबाही लिहून घेतेत हे लोक." मी हात धुतले, पदराला पुसले आणि कागद वाचायला घेतला.

"वाचता येतं का?" साहेबांनी विचारलं.

"येते."

त्यात मीटरचा नंबर होता, थैली बंद केल्याची नोंद होती, मीटर संशयास्पद वाटल्यानं तपासणीसाठी नेत आहोत असं होतं. चोरी हा शब्द नव्हता. मी पूर्ण वाचलं आणि सही केली. मग थैलीवरच्या चिठ्ठीवरही त्यांनी माझी सही घेतली. दुकानाची लाईन कापून गाडी पुढच्या घराकडे गेली. त्या दिवशी मोहल्ल्यातली एकूण सात मीटरं काढली.

फ्रीजरमध्ये तीस-पस्तीस किलो मासा होता. संध्याकाळपर्यंत जेवढा विकता आला तेवढा विकला. उरलेला मायनं मोहल्ल्यात वाटून टाकला. "सडवून फेकन्यापेक्षा कोनाच्या पोटात जाईन." लोकांनी नेला. नेताना कोणी डोळ्याला डोळा भिडवेना, ते मी पाहिलं.

तीन आठवड्यांनी पत्र आलं. प्रयोगशाळेच्या अहवालानुसार आमच्या मीटरच्या आत बाहेरची चकती जोडलेली होती, मीटर निम्म्याहून हळू फिरत होतं आणि म्हणून बारा महिन्यांची, दुप्पट दरानं, अनधिकृत वीजवापराची आकारणी. आकडा वाचून घरधनी ओट्यावर बसले ते उठलेच नाहीत. मला आकड्यापेक्षा त्यातला 'छेडछाड' शब्द जास्त लागला. मीटरचं झाकण कसं उघडतात हेसुद्धा मला ठाऊक नव्हतं.

थोरल्या दिरांकडेही तसंच पत्र आलं होतं. बाकी पाच घरांतही. सगळ्यांनी मिळून ठरवलं की हप्ते पाडून घ्यायचे आणि भरून टाकायचं. दीर म्हणाले, "सरकारशी भांडून कोनी जिंकलं का?"

पुढचा महिना मी विसरणार नाही. तलावाच्या मच्छीमार संस्थेच्या बैठकीत कोणीतरी घरधन्यांना म्हणालं, "तुमच्या मच्छीले चोरीच्या बिजलीचा थंडावा हाये गा." सगळे हसले. हे घरी आले, जेवले नाहीत. बचत गटाच्या पेटीची चावी सहा वर्षं माझ्याकडे होती. अध्यक्षबाई एका दुपारी आल्या, चहा घेतला, इकडचं तिकडचं बोलल्या आणि जाता जाता म्हणाल्या, "बाया म्हनून राहिल्या का चावी सध्या दुसरीकडे राहू दे. तुह्यावर भरोसा नाई असं नाई, पन..." मी कमरेची चावी सोडून त्यांच्या हातात दिली. त्या गेल्यावर मागच्या दारी जाऊन रडले. मायनं पाहिलं. जवळ आली नाही. लांबूनच म्हणाली, "रडून घे. मंग तोंड धुवून पवनीची बस धर. घरी बसून कोनाचं नाव साफ नाई झालं."

मी पवनीहून भंडाऱ्याला गेले. पहिले भेटलेले वकील कागद न उघडताच म्हणाले, "तडजोड करून टाका. रक्कम थोडी कमी करून देऊ." मी विचारलं, "पण मग आम्ही चोरी केली असं होईल ना?" ते म्हणाले, "ताई, व्यवहार पाहा." मी कागद उचलले आणि निघाले. कोर्टाच्याच आवारात मोफत कायदेशीर मदतीची पाटी दिसली. आत एक तरुण वकील मॅडम होत्या. त्यांनी पत्र दोनदा वाचलं, मग चष्मा काढून मला विचारलं, "तुम्हाला नेमकं काय पाहिजे? रक्कम कमी होणं, की नाव साफ होणं?"

"नाव," मी म्हटलं.

"मग आधी भांडायचं नाही. आधी कागद मागायचे. पंचनामा, लॅबचा अहवाल, तपासणीच्या वेळी हजर राहा म्हणून तुम्हाला पाठवलेली नोटीस. सगळ्याच्या प्रती द्या असा अर्ज करा. आणि पोच घ्यायची. पोच घेतल्याशिवाय खिडकीवरून हलायचं नाही."

मी हलले नाही. वीज कंपनीच्या कार्यालयात पहिल्या दिवशी साहेब नव्हते, दुसऱ्या वेळी शिक्का नव्हता. तिसऱ्या वेळी मी जेवणाचा डबा घेऊन गेले आणि खिडकीजवळच बसले. तिथल्या कारकुनानं वैतागून शिक्का मारला. प्रती मिळायला आणखी पंधरा दिवस लागले. नोटिशीची प्रत त्यात नव्हतीच.

ते कागद मी दुपारी अंगणात घेऊन बसले. माय बाजूला झिंगे वाळवत होती. मी अहवाल तीनदा वाचला. इंग्रजी शब्द, टक्के, सह्या. पकडीत येण्यासारखं काहीच सापडेना. मीटरचे नंबर मी पहिले चार-पाच आकडे पाहून सोडून देत होते, कारण ते सगळीकडे तेच होते.

मायनं वाळवण सारखं करून विचारलं, "काय पाहून राहिली एवढं?"

"हे आपल्या मीटरचे कागद. याच्यात लिहिलं आहे का मीटर खराब केलं."

तिनं हात झटकले, वाकली आणि पंचनामा व अहवाल असे दोन्ही कागद जवळजवळ धरले. तिला अक्षर येत नाही. ती आकड्यांच्या त्या दोन ओळींकडे, दोन मासे शेजारी ठेवून पाहावेत तशी पाहत राहिली. मग बोट ठेवलं. "हे दोनी येकच होय म्हनतेस?"

"हो. मीटरचा नंबर आहे तो."

"मंग याच्या शेपटाले दोन गोल काहून? अन् त्याच्या शेपटाले येकच?"

मी कागद ओढून घेतला. पंचनाम्यावर आमच्या मीटरचा नंबर, शेवटी शून्य सहा. अहवालावर शेवटी शून्य शून्य सहा, आणि त्याआधीचा एक आकडा गळालेला. मी घरात पळाले, जुनी बिलं काढली. सगळ्या बिलांवर पंचनाम्यातलाच नंबर. म्हणजे प्रयोगशाळेत ज्या मीटरच्या पोटात चकती सापडली ते मीटर आमचं नव्हतं. मी मायला मिठी मारली. तिच्या हाताला झिंग्यांचा वास होता, तो माझ्या साडीला लागला. ती म्हणाली, "सोड वो, झिंगे सांडतीन."

पण कागदावर दिसणं वेगळं आणि साहेबांनी मानणं वेगळं. कंपनीच्या कार्यालयात पहिली सुनावणी झाली ती दोन मिनिटांत आटोपली. समोरच्या अधिकाऱ्यांनी दोन्ही नंबर पाहिले आणि म्हणाले, "टायपिंगची चूक आहे. मीटर तुमचंच." आकारणी कायम. वरच्या अपिलाला जायचं तर निम्मी रक्कम आधी भरावी लागणार होती.

निम्म्या रकमेला आमच्याकडे एकच जागा होती. घरधन्यांनी नव्या डोंग्यासाठी, म्हणजे नावेसाठी, तीन वर्षं साठवलेले पैसे. जुना डोंगा ते दोन ठिकाणी डांबर लावून चालवत होते. मला तोंड उघडून मागता येईना. संध्याकाळी त्यांनीच बँकेचं पुस्तक माझ्यापुढे आणून ठेवलं.

"डोंगा पुढच्या साली घेऊ."

"आणि हरलो तं?"

"हरलो तं तलाव काही आटत नाई." मग म्हणाले, "त्या बैठकीत मले हसले. मी काईच बोललो नाई. तू बोल."

भंडाऱ्याला अपिलाची सुनावणी विद्युत निरीक्षकांपुढे होती. वकील मॅडमनी अर्ज लिहून दिला होता, पण त्या दिवशी त्यांना दुसऱ्या कोर्टात थांबावं लागलं. फोनवर म्हणाल्या, "तुम्हीच बोला. तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे." खोलीत टेबलामागे निरीक्षक साहेब, एका बाजूला कंपनीचे दोन अधिकारी फायली घेऊन, दुसऱ्या बाजूला मी, प्लास्टिकच्या पिशवीत बिलं घेऊन.

कंपनीच्या अधिकाऱ्यांनी आधी मांडलं. खप अचानक कमी झाला, फ्रीजर चालू सापडला, अहवाल स्पष्ट आहे, नंबरमध्ये किरकोळ टंकलेखनाची चूक आहे. निरीक्षक माझ्याकडे वळले. "बोला बाई."

मी मिस्त्रीची पावती पुढे केली. त्यावर बिघाडाची तारीख होती आणि दुरुस्तीचीही. मग चार महिन्यांच्या बर्फाच्या चिठ्ठ्या. मग दोन्ही कागद शेजारी ठेवले. "साहेब, एक आकडा चुकला असता तं मी पण म्हटलं असतं का चूक आहे. इथे एक आकडा गेला आणि एक शून्य वाढलं. आणि तपासणीच्या वेळी मला बोलावलंच नाही. नोटीस पाठवली म्हणतात, तिची प्रत मागितली तं मिळाली नाही."

"मग तुमचं म्हणणं काय?"

"माझं म्हणणं एवढंच, का माझं मीटर माझ्यासमोर तपासा. खराब निघालं तं मी आजच्या आज सगळी रक्कम भरते. अपील मागे घेते."

कंपनीचे अधिकारी म्हणाले, "सर, एकदा तपासणी झालेली आहे." निरीक्षकांनी विचारलं, "कोणत्या मीटरची?" त्यावर ते फाइल चाळू लागले. निरीक्षकांनी पंधरा दिवसांनंतरची तारीख दिली आणि जप्त केलेलं मीटर जसं आहे तसं हजर करा असा आदेश लिहिला.

तपासणीच्या दिवशी माय म्हणाली, मीही येते. घरधनीही जाळं ठेवून आले. एसटीत आम्ही तिघं एका बाकावर, माय खिडकीशी. मीटर तपासायच्या खोलीत लांब टेबल होतं, त्यावर यंत्र, तारा, बल्बांची रांग. या वेळी वकील मॅडमही आल्या होत्या. कंपनीच्या माणसानं भांडारातून आणलेली एक पेटी उघडली आणि एक-एक वस्तू टेबलावर ठेवली. तिसरी वस्तू म्हणजे एक पांढरी कापडी थैली होती. धुळीनं पिवळट झालेली. तोंडाला सुतळी, सुतळीवर लाख, आणि लाखेखाली चिठ्ठी. चिठ्ठीवर माझी सही.

मॅडम वाकून पाहू लागल्या. मग सरळ झाल्या आणि अगदी शांतपणे म्हणाल्या, "साहेब, लाख तुटलेली नाही. ही थैली कोणी उघडलेलीच नाही."

निरीक्षकांनी थैली हातात घेतली, चारही बाजूंनी फिरवली, फोटो काढायला सांगितला. मग माझ्याकडे पाहून म्हणाले, "सही तुमची?"

"हो साहेब. वाचून केली होती."

लाख माझ्यासमोर फोडली. मीटर बाहेर आलं, नंबर मोठ्यानं वाचला गेला, शेवटी शून्य सहा. ते यंत्राला जोडलं, बल्ब पेटले आणि मीटरवरचा लाल ठिपका लुकलुकू लागला. माय हळूच विचारत होती, "लाल काहून झालं? लाल म्हंजे खराब का?" मी म्हटलं, "नाही माय, चालू आहे म्हणून." तपासणारे तरुण इंजिनिअर घड्याळ लावून मोजत होते. त्यांनी तीनदा मोजलं, वेगवेगळ्या भारावर. शेवटी मीटर उघडलं. आत कंपनीनं बनवलं होतं त्याशिवाय काही नव्हतं. इंजिनिअरांनी कागदावर आकडे लिहिले आणि मान वर न करता म्हणाले, "मीटर बरोबर आहे. छेडछाड नाही."

मला वाटलं होतं मी रडेन. रडले नाही. मला हसू आलं, आणि ते थांबेना. घरधनी पाठ वळवून खिडकीबाहेर पाहू लागले, त्यांचे खांदे हलत होते. मायनं कंपनीच्या अधिकाऱ्यांना विचारलं, "मंग ते चकतीवालं मीटर कोनाचं होतं गा?"

ते म्हणाले, "पाहावं लागेल, आजी."

"पाहा. ज्याचं असन तो पाहून घेईन. आमचं आमाले द्या."

त्या दिवशी भंडाऱ्यात आम्ही तिघांनी हॉटेलात बसून पोटभर आलुबोंडे खाल्ले. मायनं दोनदा चहा मागवला. बसस्थानकाशेजारच्या भांड्यांच्या दुकानातून तिनं पितळेची एक गंजी घेतली, घासाघीस न करता. तिला घासाघीस न करता काही घेताना मी आजवर पाहिलं नव्हतं.

लेखी आदेश महिन्याभरात आला. आकारणी रद्द, भरलेली रक्कम परत, जोडणी तत्काळ पूर्ववत. लाइनमन मीटर लावायला आला तेव्हा मोहल्ल्यातली निम्मी माणसं उभी होती. त्यानं बटन दाबलं, फ्रीजर घरघरला आणि कोणीतरी टाळी वाजवली. मग सगळ्यांनीच वाजवली. डोंगा आम्ही त्याच वर्षी घेतला, पुढच्या सालाची वाट न पाहता.

बचत गटाच्या बैठकीत मी आदेशाची प्रत घेऊन गेले. पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत उभ्यानं वाचली. कलमांचे आकडेसुद्धा सोडले नाहीत. बाया ऐकत होत्या. संपल्यावर अध्यक्षबाईंनी चावी माझ्यापुढे धरली. "घे बाई. चुकलं आमचं."

"घेते," मी म्हटलं, "पण आधी वहीत लिहा, चावी माझ्याकडून काहून घेतली होती आणि काहून परत दिली." त्यांनी लिहिलं. सगळ्यांनी सह्या केल्या. ज्यांना येत नव्हत्या त्यांनी अंगठे दिले. मग मी चावी कमरेला लावली.

त्यानंतर थोरले दीर आले. ते सहसा आमच्या ओट्यावर बसत नाहीत, त्या दिवशी बसले. बराच वेळ तलावातल्या पाण्याबद्दल बोलले. मग खिशातून घडी केलेलं पत्र काढलं. "माह्यं पन जरा पाहून देतेस का वो?"

मी त्यांच्यासाठी कागद मागण्याचा अर्ज लिहिला. मग दुसऱ्या घराचा, मग तिसऱ्याचा. सहापैकी पाच घरांचे अर्ज मी लिहिले. सहावा शेजारी स्वतःहून सांगून गेला होता, "वहिनी, माह्यं नको लिहू." मी कारण विचारलं नाही. पाचांपैकी एकाच्याही फाइलीत तपासणीची नोटीस निघाली नाही. दोघांच्या थैल्या बंदच सापडल्या. चार घरांच्या आकारण्या रद्द झाल्या, भरलेले हप्ते पुढच्या बिलांत वळते झाले. पाचव्याचं प्रकरण अजून चालू आहे, आणि त्याच्या तारखेला मी जाते.

मागच्या तारखेला त्याच खोलीत निरीक्षक नवे होते. मी फाइल उघडली, पंचनामा आणि अहवाल शेजारी-शेजारी ठेवले, नोटिशीच्या प्रतीची मागणी केल्याची पोच दाखवली. त्यांनी सगळं पाहिलं आणि विचारलं, "तुम्ही वकील आहात का?"

"नाही साहेब," मी म्हटलं, "मी मासे विकते."

ते हसले, कंपनीच्या अधिकाऱ्यांकडे वळले आणि म्हणाले, "थैली आणा."